न दळलेली साखर

साहित्य: पिठीसाखर, डबाभर.

इथंच अडलं.

डबा होता. धुऊन, पालथा घालून ओट्यावर निथळत ठेवलेला. पिठीसाखर तेवढी नव्हती. सुरभीनं डबा सरळ केला, आत बोट फिरवलं, बोट ओलं झालं. मग तिनं पिठांचे डबे उघडले, मसाल्याचं कपाट पाहिलं, फ्रीजच्या मागंही डोकावली. फ्रीजच्या मागं काय असणार? पण हरवलेली वस्तू माणूस आधी तिच्या जागी शोधतो, मग नसलेल्या जागी शोधतो, आणि शेवटी कोणाला तरी विचारतो. तिला विचारायचं नव्हतं.

तेवढ्यात बाहेरच्या खोलीतून सासूबाईंनीच हाक मारली.

"सुरभे, इकडं ये वो. पाह्य, यंदा नाग कसे चकाकून राह्यले."

विमलताई दर नागपंचमीला न्हाऊन-धुऊन भिंतीवर गेरूचा चौकोन सारवायच्या आणि त्यावर तांदळाच्या पिठानं नाग काढायच्या. दरवर्षी ते नाग वाळता वाळता फिके व्हायचे, दुपारपर्यंत नुसती धूळ उरायची. यंदाचे ठसठशीत उठले होते. पांढरेशुभ्र, टणक, वर काचेसारखी चमक.

आणि हलत होते.

सुरभी जवळ गेली. सगळ्यांत खालच्या नागाच्या शेपटीपासून मुंग्यांची रांग चढली होती. वेटोळ्यातून वेटोळ्यात, वळणं घेत, फण्यापर्यंत. तिथून दुसऱ्या नागावर.

"आई, पीठ कोणत्या डब्यातलं घेतलं?"

"थो नाही का, निळ्या झाकणाचा. लय मऊ पीठ होतं, बाप्पा. आपला गिरणीवाला तर असं जन्मात दळून देत नाही."

"ती पिठीसाखर होती."

विमलताई भिंतीकडं बघत राहिल्या. मग मुंग्यांकडं. मग म्हणाल्या, "डब्यावर नाव कायले नाही टाकलं?"

"सगळी घेतली?"

"पातळ होऊन राह्यलं होतं, म्हणून टाकत गेली. मले काय मालूम." त्यांनी हात जोडले. "जाऊ दे. देवाच्या तोंडी गोड पडलं. मुंग्याही जेवल्या."

सुरभीला हसू आलं आणि रडूही आलं, आणि दोन्ही तिनं गिळलं. भिंतीवर जे वाळलं होतं ते आयसिंगच होतं. चांगलं जमलेलं.

*

आता आज काय करत नाहीत.

चिरत नाहीत. कापत नाहीत. तळत नाहीत. तवा ठेवत नाहीत. जमीन खणत नाहीत. सुईत दोरा ओवत नाहीत.

दळत नाहीत.

पूर्वी ही बंदी जात्यावर होती. जातं गेलं, मिक्सर आला, आणि बंदी जात्यावरून उठून मिक्सरवर येऊन बसली. विमलताईंनी आदल्या संध्याकाळीच मिक्सरवर टॉवेल टाकून ठेवला होता, झोपलेल्या माणसाच्या तोंडावरून पांघरूण घ्यावं तसा.

*

ही गोष्ट केकची नाही, हे आधीच सांगून टाकलेलं बरं. केक आदल्या दिवशीच झाला होता, बिनअंड्याचा, चांगला फुगलेला. तो जाळीखाली वाट पाहत होता. ही गोष्ट एसटीची आहे.

सुरभी दिग्रसची. कॉलेजला यवतमाळला जायची, एसटीनं. खिडकीजवळची जागा, मांडीवर बॅग, दारव्ह्याला बस थांबली की शेंगदाण्यांची पुडी. त्या बसमध्ये तिला कोणी ओळखत नसे आणि तिचं कोणाशी काही नातं नसे. तेवढा वेळ ती कोणाची मुलगी नव्हती, कोणाची बहीण नव्हती. नुसती एक प्रवासी होती, तिकीट काढलेली.

मग लग्न झालं आणि ती राळेगावच्या अलीकडच्या या गावात आली. तेव्हापासून ती एकटी कुठंही गेली नव्हती.

कोणी कोंडलं नव्हतं. दार दिवसभर उघडं असायचं. घरची शेती, कपाशी, सोयाबीन, गोठ्यात दोन म्हशी, खाण्यापिण्याला तोटा नाही. पण तिनं उंबऱ्याबाहेर पाय टाकला की कोणीतरी मायेनं विचारायचं, काय पाह्यजे, सांग, आणून देतो. टिकल्या नवरा, अमर, आणायचा. औषध सासरे, भगवानराव, आणायचे. दिग्रसला जायचं झालं तर अमर गाडीवर सोडायचा आणि न्यायलाही यायचा, ठरल्यापेक्षा एक दिवस आधीच. गावातल्या बायका म्हणायच्या, नशीब काढलं पोरीनं, चपलाही झिजू देत नाहीत.

चपला खरंच झिजल्या नव्हत्या.

यवतमाळात सुनीतीताईंचं केकचं दुकान होतं. कॉलेजात असताना सुरभी त्यांच्या क्लासला गेली होती. मागच्या पंधरवड्यात त्यांचा फोन आला. हाताखाली कोणीतरी हवं आहे, सकाळी येऊन संध्याकाळी जायचं, जमेल का? सुरभीच्या कानाला फोन होता आणि डोळ्यांपुढं सकाळची एसटी. जाताना एक बस, येताना एक बस. रोज.

घरात विषय निघाला. अमर म्हणाला, "पाहू." भगवानराव म्हणाले, "पाहू." विमलताई म्हणाल्या, "त्या बाईलेच इकडं येऊ दे. माणूस पाहू, मंग बोलू."

सुनीतीताईंचं आज राळेगावला काम होतं. परतताना दुपारी येते म्हणाल्या. "एक केक करून ठेव, सुरभी. केक काय, कोणीही भाजतं. आयसिंगवर हात बसलाय का ते मला पाहायचंय. नाही बसला तर स्पष्ट सांगेन हं."

म्हणजे आयसिंग.

*

साहित्य, पुन्हा: पिठीसाखर, राळेगावहून.

"आई, मी राळेगावले जाऊन येऊ? आताच्या बसनं जाईन, पुढच्या बसनं येईन."

"सणाच्या दिवशी? एकटी?" विमलताई वाती वळत होत्या. आज विळी नाही, तवा नाही, म्हणून त्या स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावरच बसल्या होत्या. हाताला काम नसलं की त्या तिथंच बसत. "लोकं म्हणतीन, घरात गडीमाणूस नाही का? अमरले सांग."

अमर ओसरीत खाटेवर पडून मोबाइल पाहत होता.

"ऐका ना. पिठीसाखर आणून देता?"

"साखर संपली?"

"साखर आहे. पिठी पाह्यजे."

"साखर आहे तर पेट्रोल कायले जाळू? दळून घे."

"आज दळत नाहीत."

"मंग उद्या दळ."

"ताई आज येऊन राह्यल्या."

अमरनं मोबाइल छातीवर पालथा ठेवला आणि खरोखर विचार केला. "त्याईले फोन कर, उद्या या म्हणा. उद्या मी सोता दळून देतो. घंटाभर मिक्सर फिरवतो तुह्यासाठी. बस?"

अमर वाईट माणूस नव्हता. वाईट असता तर भांडता आलं असतं.

*

साहित्य, पुन्हा: साखर. आणि उंबऱ्यावर सासू.

खलबत्त्यात कुटली तर?

"कुटणं म्हणजे दळणंच. उभ्यानं दळणं."

फडक्यात बांधून वरून लाटणं फिरवलं तर?

"आडवं दळणं."

बाबांना विचारू?

"त्याईले काय विचारते? ते तर म्हणतीन खड्डाही खण. त्याईच्या हातून एका पंचमीले खुरपं चाललं होतं, तर अंगठा सुजून भोपळा झाला होता."

पाण्यात विरघळवली तर?

विमलताईंचा हात वातीवर थांबला. त्यांनी नियमाच्या आतबाहेर फिरून पाहिलं असावं. मग म्हणाल्या, "विरघळणं चालते. ते आपल्या मनानं होते. त्यात आपण काही करत नाही."

आणि शिजवलं तर?

"शिजवणं तर चालतेच. कानोले उकडलेच ना आपण सकाळी."

सुरभी जागच्या जागी उभी राहिली. तिला क्लासमधला एक दिवस आठवला. बाहेर पाऊस, दुकानातून पिठीसाखर आलेली नाही, आणि सुनीतीताई बोलता बोलता म्हणाल्या होत्या की जुन्या बायका पिठीसाखरेवाचून आयसिंग करायच्या. दुधात मैदा शिजवायचा, साखर त्यातच विरघळवायची, पार गार करायचं आणि लोण्यात फेटायचं. करून दाखवलं नव्हतं. नुसतं म्हणाल्या होत्या, आणि मग पाऊस थांबला होता.

*

साहित्य, आता खरं: साखर, जशी आहे तशी. म्हशीचं दूध. मैदा. घरचं लोणी, बिनमिठाचं.

कृती: थंड दुधात मैदा कालवावा. आधी थोड्या दुधात, मग सगळ्या. गाठ राहता कामा—

राहिल्या. गाठी राहिल्या. पहिला घाणा खिरीसारखा नाही, खळीसारखा झाला, गाठीगाठींचा. आच मोठी होती आणि तिचा जीव त्याहून वर होता. तिनं तो वाटीत काढून बाजूला सारला.

"टाकू नको," उंबऱ्यावरून आवाज आला. "म्हशीच्या आंबोणात घालू."

दुसऱ्यांदा आच मंद. साखर, दूध, मैदा, तिन्ही एकत्र, आणि हात थांबवायचा नाही. आधी सगळं पातळ, मग अचानक चमच्याला जड लागतं. चमचा फिरवला की मागं वाट राहते आणि ती वाट सावकाश बुजते. वाट बुजेनाशी झाली की उतरवायचं. तिनं उतरवलं. चहाच्या गाळणीतून दाबून काढलं. जिभेवर ठेवून पाहिलं. साखरेचा कण कुठंही नव्हता.

न दळता साखर गेली होती. कुठं गेली ते कोणाला विचारायची गरज नव्हती.

आता गार करायचं. श्रावणातली दुपार, ढगांनी झाकलेली, हवेत ओल, गार म्हणून काही होईना. फ्रीजमध्ये कानोल्यांची परात, प्रसादाचं दूध, जागा नाही. तिनं माठातलं पाणी परातीत ओतलं आणि त्यात भांडं ठेवलं. बोट लावून पाहिलं. पुन्हा पाहिलं. वाटलं, झालं.

झालं नव्हतं.

गंजात, त्या उभ्या पातेल्यात, लोणी घेऊन तिनं हातातल्या विजेच्या बीटरची वायर उचलली, तशा विमलताई उठूनच आल्या. "ते फिरते ना?"

"फिरते, पण दळत नाही. नुसतं फेटते."

"मिक्सरचा भाऊच तो." त्यांनी वायर हातातून काढून घेतली, रागानं नाही, लेकराच्या हातून काडेपेटी घ्यावी तशी. आणि खुंटीवरची रवी काढून दिली. "घुसळणं चालते. ताक तर आज रोजच्यासारखंच केलं."

सुरभी रवीनं घुसळू लागली. लोणी पांढरं झालं, हलकं झालं. मग तिनं शिजवलेली खीर त्यात घातली आणि दोन फेऱ्यांत सगळं फाटलं. कोमट खीर, फ्रीजमधून काढलेलं लोणी. खाली पाणी, वर कण, नासलेल्या दुधासारखं. तिचे हात थांबले. बाहेर कुठंतरी गाडीचा आवाज आला आणि तिनं दाराकडं पाहिलं. ती गाडी पुढं गेली.

"काय झालं वो?"

"फाटलं."

विमलताई गंजात डोकावल्या. "हे काही फाटणं नाही. लोणी येता येता असंच होते, बाई. आपण घाबरलो की तेही घाबरते. गंज पाण्यात ठेव." त्या खाली बसल्या, गंज परातीत ठेवला, दोन्ही पायांच्या तळव्यांमध्ये परात धरली, रवी हातात घेतली. "तू दम घे. मले सांग कधी थांबायचं ते."

त्यांनी घुसळायला सुरुवात केली. घाई न करता, न थांबता. उजवीकडं, डावीकडं. त्यांच्या दंडावरचं कातडं त्या तालात हलत होतं. सुरभी समोर बसून पाहत राहिली. आधी काही नाही. मग कडेनं थोडं गुळगुळीत. मग एकाएकी सगळं एकजीव झालं, फुगलं, रवीच्या फुलाला धरून वर आलं.

"थांबा, आई."

विमलताई थांबल्या. कपाळावरचा घाम पदरानं पुसला आणि बोटभर चाटून पाहिलं. त्यांचा चेहरा आधी कोरा होता. मग त्यांनी दुसरं बोट घातलं.

"हे तर लय गोड नाही," त्या म्हणाल्या. "पण सुटत नाही तोंडातून."

सुरभीला त्या क्षणी त्यांच्याविषयी मायाच वाटली. नंतर तिला वाटलं, चुकलं तिथंच. पण तेव्हा तसं वाटलं नव्हतं.

आयसिंग लावायला सुरी नको, विमलताई म्हणाल्या. उलथनं नको, ते तव्याचं. तिनं चमचा पाण्यात बुडवून त्याच्या पाठीनं लावलं. कडा एकसारखी झाली नाही. लाटा आल्या. त्या तिनं तशाच राहू दिल्या.

*

सुनीतीताई आल्या तेव्हा सगळं घर बाहेरच्या खोलीत जमलं. भगवानराव टोपी घालून. अमर शर्ट बदलून. विमलताईंनी पाणी दिलं, कानोले दिले, नाग दाखवले, मुंग्यांची गोष्टही सांगितली, आणि सांगताना असं सांगितलं की चूक मुंग्यांचीच वाटावी. सुनीतीताई हसून हसून बेजार झाल्या. भारी सुती साडी, डोळ्यांवर जाड चष्मा, आणि नजर मात्र बोलता बोलता केकवर.

"चला, कापूया का?"

"आज कापत नाहीत वो, ताई," विमलताई म्हणाल्या. "चमच्यानं घ्या."

सुनीतीताईंनी चमचा घेतला. कडेचं नुसतं आयसिंग उचललं. जीभ टाळ्याला लावून दाबलं. डोळे मिटले. सुरभी त्यांच्या चष्म्याच्या काचेकडं बघत होती, कारण चेहऱ्याकडं बघवत नव्हतं.

"कण नाहीये," सुनीतीताई म्हणाल्या. "पिठीसाखर कुठली वापरलीस?"

"वापरली नाही. खीर शिजवून केलं. तुम्ही एकदा सांगितलं होतं."

"मी? मला स्वतःला ते कधी जमलं नाही." त्यांनी दुसरा चमचा घेतला. "बिघडतंच माझ्याकडे. लोणी कुठलं?"

"घरचं," विमलताई म्हणाल्या. "आपल्या म्हशीचं. कालचंच."

"तेच तर. हा वास बाजारच्या लोण्याला येत नाही हो. कोणी फेटलं?"

"मी फेटलं," विमलताई म्हणाल्या, आणि मग सुनेकडं बोट केलं. "म्हणजे तिनंच. मी नुसते हात चालवले."

सुनीतीताईंनी चमचा खाली ठेवला. "सुरभी, तुझा हात बसलाय. मी स्पष्ट सांगेन म्हणाले होते, सांगते. माझ्या दुकानात हे कोणाला जमत नाही."

सुरभीनं श्वास सोडला. झालं. सकाळची बस.

"म्हणून म्हणते," सुनीतीताई म्हणाल्या, "तू तिकडे येऊन काय करणार? तिथं ही म्हैस नाही, हे लोणी नाही. गिऱ्हाईकांना हल्ली कमी गोड हवं असतं, घरचं हवं असतं. तू इथंच कर. डब्यात भरून सकाळच्या एसटीनं पाठव. कंडक्टरकडे दिलं की माझा माणूस स्टँडवर उतरवून घेईल."

सगळेच एकदम बोलले.

"हे बरं झालं," भगवानराव म्हणाले.

"घरच्या घरी," विमलताई म्हणाल्या. "तिची दगदग नाही, आमचा जीव टांगणीले नाही."

"डबा मी रोज फाट्यावर नेऊन देईन," अमर म्हणाला. तो खरंच खूश झाला होता. "पेट्रोलचं टेन्शन नको घेऊ."

"ताई," सुरभी म्हणाली. "मी तिकडं येऊन करीन. लोणी सोबत घेऊन येईन."

"कशाला गं? एवढं रोज हिंदकळत यायचं?"

"मले यायचं आहे."

ते जरा मोठ्यानं निघालं. सगळ्यांनी तिच्याकडं पाहिलं. तिला पुढं काय म्हणायचं होतं ते तिच्याजवळ होतं, पण या खोलीत ठेवण्यासारखं नव्हतं. बसमध्ये बसायचं आहे, असं कोण म्हणतं? मग तिनं दुसरं हाताशी येईल ते धरलं.

"हे रोज असं होत नाही. आज कसं तरी जमलं. पहिला घाणा तर बिघडलाच होता. नंतरचंही फाटलं होतं."

"फाटलेलं मीच जमवलं की," विमलताई म्हणाल्या. "कायले घाबरते? मी आहे ना बाजूले. रोज होईन."

"पावसाळ्यात गार होत नाही."

"दुसरा फ्रीज घेऊ," अमर म्हणाला.

"दळायचं नाही, कापायचं नाही, एवढ्या सगळ्यात तुझं असं उतरलं," सुनीतीताई म्हणाल्या, "मग बाकीच्या दिवशी काय अडचण?" त्यांनी आपल्याकडून कौतुकच केलं होतं. मग त्यांचा आवाज जरा बदलला, सुरभीच्या तोंडाकडं पाहून. "हे बघ, खरं सांगू? दुकानात जागाही नाहीये. माणूस ठेवण्यापेक्षा आयसिंग तयार मिळालं तर मला तेच सोयीचं. तू नाही म्हणालीस तर मी दुसरं बघेन, त्यात राग नाही. तुम्ही घरात बोला आणि मला कळवा."

"बोलायचं काय त्यात," भगवानराव म्हणाले.

सुनीतीताई निघाल्या. अमर त्यांना गाडीपर्यंत पोचवायला गेला. सुरभीही गेली, दारापर्यंत. गाडीची काच वर गेली, काचेत हे घर दिसलं, घरासमोर उभी असलेली ती दिसली, आणि गाडी वळली.

*

साहित्य: नको आता.

अमर परत आला तो थेट स्वयंपाकघरात गेला. सुरभी ओट्यावरची भांडी आवरत होती. रवी धुवायची होती, तिच्या खाचांतून लोणी निघत नव्हतं. विमलताई उंबऱ्यावर नव्हत्या, आत आल्या होत्या, आणि कोणता कोपरा रिकामा करता येईल ते पाहत होत्या.

"इथं फ्रीज," त्या म्हणाल्या. "इथं ओटा वाढवू. खिडकी बुजीन थोडी, पण धूळही येणार नाही."

"ही खिडकी नाही बुजवायची," सुरभी म्हणाली.

"उजेडाचं काय, बल्ब लावू," अमर म्हणाला. "मोठा लावू. तुले चांगलं दिसलं पाह्यजे." त्यानं येताना शेडमधून मोजपट्टी आणली होती, बांधकामाच्या वेळची, पिवळी, ओढली की सर्रकन बाहेर येणारी. "मिस्त्रीले उद्याच बोलावतो. हे धर जरा."

त्यानं पट्टीचं टोक तिच्या हातात दिलं आणि तो मागं मागं सरकत दुसऱ्या भिंतीकडं गेला. पट्टी दोघांमध्ये ताणली गेली. सुरभीचे हात अजून तुपकट होते, टोक निसटायला लागलं, तसं तिनं ते घट्ट धरलं.

"ढिलं होऊन राह्यलं," अमर म्हणाला. "मागं जा. अजून."

ती मागं गेली.

"भिंतीले टेकव. टेकलं?"

"टेकलं," सुरभी म्हणाली.